जाणाऱ्या गाडीचा आवाज

१

माझ्या प्रत्येक फिल्ममध्ये एक शॉट असतोच असतो. शर्यतीच्या आधी गडी हेल्मेट घालतो, हातमोजे ओढतो, कॅमेऱ्यात बघतो आणि म्हणतो, "येतो." मग काच खाली, किक, आणि निघाला. मी कॅमेरा बंद करत नाही. गाडी दिसेनाशी झाली तरी आवाज विरेपर्यंत ते मोकळं मैदान चालूच ठेवतो. लोक म्हणतात, ही चन्नवीरची सही आहे. पुण्यातल्या एका बाईंनी त्या शॉटवर पानभर लिहिलं होतं, रिक्ततेचं सौंदर्य की काय ते. अहो, कसलं डोंबलाचं सौंदर्य! घरातून निघताना 'जातो' म्हणायचं नाही, हे माझ्या अव्वानं, म्हणजे आईनं, मला लहानपणी पाठीत धपाटे घालून शिकवलंय, तेवढंच ते आहे.

आमच्या सोलापुरात कुठल्याही गल्लीत जा, 'जातो' कुणी म्हणत नाही. कानडी घरात 'होगि बर्तीनि', तेलुगू घरात 'वेळ्ळोस्ता', दखनीत 'जाके आतूं', मराठीत 'येतो'. अर्थ एकच, की मी परत येणार आहे. आणि त्याला आतून उत्तर यावं लागतं. अव्वा चुलीपुढून 'बा' म्हणायची, म्हणजे 'ये'. ती 'बा' म्हणेपर्यंत मी दप्तर घेऊन उंबऱ्यात ताटकळायचो, शाळेची घंटा झाली तरी. उत्तराशिवाय पायच निघायचा नाही.

लग्नाचे व्हिडिओ काढण्यापासून माझा धंदा सुरू झाला. मग एकदा कुणीतरी मोटरसायकलच्या शर्यतीला कॅमेरा घेऊन बोलावलं आणि मी वाया गेलो. रॅली, डर्ट ट्रॅक, चिखलातल्या जीपगाड्या, उसाच्या फडातून निघालेल्या ट्रॅक्टरच्या शर्यती. गाड्यांच्या मागं धूळ खाण्यात अर्धं आयुष्य गेलं. बायको नाही, पोरं नाहीत, कान मात्र तयार झाले. डोळे बांधा आणि विचारा, गाडी येतेय की चाललीय. येणाऱ्या गाडीचा सूर चढत येतो, शेजारून गेली की तो उतरतो. बारकं पोर तोंडानं गाडी काढतं ना, ते सुद्धा हे बरोबर काढतं. त्यात चूक होऊ शकत नाही.

हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढं जे आहे ते सगळं या कानाचं आहे.

२

एडिटिंगसाठी मी पूर्व भागात एक खोली घेतलीय. खाली सुंदरम्माचा बंद पडलेला यंत्रमागाचा कारखाना, वर ही खोली. सुंदरम्मा तेलुगू, विधवा, जिभेनं तिखट, हातानं गोड. बाहेरून लोखंडी जिना. खिडकीला मी काळा कागद चिकटवलाय, पडद्यावरचे रंग नीट दिसावेत म्हणून. त्यामुळं भर दुपारीही आत अंधार. शेजारच्या कारखान्यांत माग चालू असतात, खटाखट खटाखट, भिंतीतून पायात येतं. पहिले काही दिवस डोकं उठतं, मग त्याशिवाय करमत नाही.

मी धुळाची फिल्म जोडत होतो.

धुळा नातेपुत्याजवळच्या एका वस्तीवरचा. मेंढरं राखणाऱ्या घरातला. जुनी टू-स्ट्रोक गाडी स्वतःच खोलून, स्वतःच जोडून तो डर्ट ट्रॅकवर उतरायचा आणि कंपनीच्या गाड्यांवर बसलेल्या पोरांना रडवायचा. बोलायला लाजाळू. कॅमेऱ्यापुढं बसवला की पाठीमागच्या शेळीकडं बघत उत्तर द्यायचा. माझा जीव जडला होता त्याच्यावर, सरळ सांगतो. दोन उन्हाळे मी त्याच्या मागं फिरलो.

गेल्या वर्षी मोहोळच्या अलीकडं एका पडीक मैदानात शर्यत होती. धुळानं कॅमेऱ्यात बघितलं, "येतो" म्हणाला, गेला. दुसऱ्या फेरीत मोठ्या उडीवर गाडीचं पुढचं चाक वाकडं पडलं. मी पळत पोचलो तेव्हा काही उरलं नव्हतं.

वर्षभर त्या फुटेजला हात लावला नाही. शेवटी उन्हाळ्यात बसलो. घर, शेळ्या, आई, बायको, सगळं जोडत जोडत त्या शॉटवर आलो. हेडफोन लावले. धुळा दिसला. हातमोजे ओढले, माझ्याकडं बघितलं.

"येतो."

काच, किक. गाडी फिरली, पाठ दिसली, पाठ बारीक झाली, धुरळ्यात गेली. आणि मी हेडफोन काढून मागं वळून बघितलं.

गाडी चित्रात दूर चालली होती आणि आवाज जवळ येत होता. मोठा होत होता असं नाही, तसं असतं तर माइकचा दोष म्हणून सोडून दिलं असतं. सूर चढत होता. माझ्या दिशेनं येणाऱ्या गाडीचा सूर.

पुन्हा लावला. पुन्हा तेच. म्हटलं, मैदानात दुसरी कुठली गाडी मागून येत असेल. पण आवाज एकाच गाडीचा होता, आणि धुळाची गाडी मी दहा गाड्यांतून ओळखतो, तिचा सायलेन्सर फाटका होता. म्हटलं, फाइल बिघडली असेल. दुसऱ्या कॅमेऱ्याची काढली. तेच. मग क्लिप उलटी चालवली. चित्रात धुळा पाठमोरा मागं मागं माझ्याकडं येत होता, आणि आवाज उतरत उतरत दूर गेला.

त्या दिवशी मैदानात मी हेडफोन लावूनच उभा होतो हो. आवाज गेलेला मी ऐकलाय. तेव्हा तो गेला होता.

३

माणूस शहाणा असला की स्वतःला फसवायला त्याला जास्त कारणं सापडतात. ऊन फार आहे, झोप नाही, वर्षाचं दुःख साचलंय. मी बाकीच्या पोरांचे 'येतो'वाले शॉट काढून ऐकले. सगळ्यांचे आवाज शहाण्यासारखे जात होते. फक्त धुळाचा येत होता. मी तो शॉट तसाच ठेवला आणि दुसरं काम काढलं.

एके दिवशी दुपारी सुंदरम्मा चहा घेऊन वर आली. मी हेडफोन काढून स्पीकरवर काहीतरी शोधत होतो, तेवढ्यात नेमका तो तुकडा लागला. पडद्यावर धुळा म्हणाला, "येतो."

"रा बिड्डा," सुंदरम्मा म्हणाली.

'ये बाळा' म्हणाली ती, कप ठेवता ठेवता, पडद्याकडं नीट न बघता, दारातून निघालेल्या शेजारच्या पोराला म्हणावं तशी. मग तिचं तिलाच हसू आलं. "अय्यो, टीव्हीतल्या माणसाला काय बोलायलेय मी!"

मीही हसलो. आवाज चढत आला. क्लिप संपली, पडदा काळा झाला. आवाज थांबला नाही. दोन दम तो तसाच राहिला, स्पीकरमधून नाही, मागांच्या खटाखटीच्या पलीकडून कुठूनतरी. मग बंद झाला.

"गल्लीत कुणीतरी आलंय," सुंदरम्मा म्हणाली आणि खाली गेली.

दुसऱ्या दिवशीपासून तिच्या तक्रारी सुरू झाल्या. "अण्णा, तुमचा तो गाडीवाला पोरगा रोज दुपारी येऊन खाली उभारतोय बघा. गाडी बंद करत नाही, सगळा धूर माझ्या घरात. मी म्हटलं, वर जा, अण्णा वर आहेत. तर वर बघतच नाही. टोपडं पण काढत नाही डोक्यावरचं."

"कसला पोरगा, अम्मा?"

"मला काय माहीत! मातीनं माखलेला आहे नुसता. तुमच्याकडं दुसरी कुठली माणसं येतात?"

मी खाली जाऊन बघितलं. गल्ली मोकळी होती. भिंतीला टेकवलेल्या सायकली, वाळत घातलेलं रंगीत सूत, एक झोपलेलं कुत्रं. पण वास होता. शर्यतीच्या टू-स्ट्रोकमध्ये जे ऑइल घालतात त्याचा गोडसर, जळका वास. तो रस्त्यावरच्या गाड्यांना येत नाही. मी तिथं उभा राहून तो वास घेतला आणि वर येऊन दार लावून घेतलं.

त्यानंतर मी तो शॉट लावायचा झाला तर आधी तोंडावर हात दाबून धरायचो. हसू नका. स्वतः करून बघा. कुणीतरी तुमच्या डोळ्यांत बघून 'येतो' म्हणतंय आणि तुम्ही गप्प बसायचं. जीभ आपली आपण हलते. जन्मभराची सवय आहे ती.

४

नातेपुत्याला मला जावंच लागणार होतं. फिल्म लोकांना दाखवण्याआधी घरच्यांना दाखवायची, हा माझा नेम आहे.

धुळाची आई मायाक्का अंगणात बसली होती. वर्षभरात तिचं पाचट झालं होतं. सून पूनम पाणी घेऊन आली. वीस-बाविशीची पोर. अकलूजला शिवणाचा क्लास लावलाय म्हणाली, मशीन घ्यायचंय, सासूला एकटी सोडून माहेरी जायचं नाही म्हणून इथंच राहतेय. "मला आत्या आनि आत्याला मी," ती म्हणाली. "दुसरं कोन हाय आमाला?"

मायाक्का मला नावानं कधीच हाक मारत नाही. "आलास व्हय रं फोटूवाल्या," ती म्हणाली. "गाडी बगायची का?"

गाडी शेळ्यांच्या छपरात ठेवली होती. पुढचं चाक तसंच वाकडं, टाकी चेपलेली, अंगावर मोहोळच्या मैदानातली माती. शेळ्या मात्र छपरात नव्हत्या. सगळ्या बाहेर बाभळीखाली दाटीनं उभ्या होत्या.

"आत येत न्हाईत त्या," मायाक्का म्हणाली. "दुपारी तर न्हाईच. ऊन असतंय नव्हं."

"छपरात कसलं ऊन, मावशी? सावली आहे की."

"आरं ऊन म्हंजी..." तिनं माझा हात धरला आणि सायलेन्सरवर ठेवला. "ह्यो बग. ऊन हाय का न्हाय?"

पत्रा गरम होता. नुकतीच लांबून आलेली गाडी असते तसा. मी हात काढून घेतला. त्या इंजिनात वर्षभर पेट्रोलचा थेंब पडलेला नव्हता.

मग ती बोलली. त्या दिवशी सकाळी मायलेकांचं भांडण झालं होतं. ती म्हणत होती, मेंढरं वाघराला, जाळीच्या कोंडवाड्याकडं, न्यायचीत, शर्यत राहू दे. तो गाडी टेंपोत चढवत होता. निघताना उंबऱ्यात येऊन म्हणाला, "आयं, येतो."

"आनि मी काय म्हनले ठावं हाय? 'जा' म्हनले. 'जा कुटं जायाचं ती.' त्यो थांबला रं उंबऱ्यात. लई येळ थांबला. मी मान वर केली न्हाई. लेकराला 'ये' म्हनाया माज्या जिबंला काय झालतं?" ती रडत नव्हती. रडून संपलं होतं. "तुज्या फोटूत त्यो येतो म्हनतूय, पूनमनं सांगितलं मला. त्यो मला दाव. मला फकस्त येकदा त्येला 'ये' म्हनू दे."

मी म्हटलं, "मावशी, ते नको. त्रास होईल तुम्हाला."

पूनम मला माझ्या गाडीपर्यंत सोडायला आली. "दादा, दावा तिला येकदा," ती म्हणाली. "जेवत न्हाई, झोपत न्हाई. दुपारभर त्या गाडीपाशी बसून असती. ती अशीच वाळून जाईल बगा. मग मी कुनाकडं बगू?"

त्या पोरीला मी काय सांगणार होतो? की खाली गल्लीत कुणीतरी उभं असतं आणि ते फक्त बोलावण्याची वाट बघतंय? मी 'घेऊन या' म्हटलं. येताना रस्ताभर मी एकच विचार केला. दाखवायचं, पण तो शब्द कापून. धुळा कॅमेऱ्यात बघतो तिथपर्यंतच. त्यानं तोंड उघडायच्या आत पडदा काळा. ती डोळे भरून बघेल, रडेल, मोकळी होईल. उत्तर द्यायला काही राहणारच नाही.

५

त्या दोघी एसटीनं दुपारी आल्या. पूनमला वर यायचं नव्हतं, ती खाली सुंदरम्माजवळ बसली. मी मायाक्काला खुर्चीत बसवलं, आणि काय मनात आलं कोण जाणे, दाराला आतून कडी घातली.

फिल्म सुरू झाली. तिनं लेकराला शेळीचं दूध काढताना बघितलं, गाडी खोलताना बघितलं, तोंड चुकवून हसताना बघितलं. ती अधूनमधून "व्हय की, व्हय की" म्हणत होती, जणू तो तिला काही सांगत होता. माझेही डोळे भरून आले. मग मैदान आलं. हेल्मेट. हातमोजे. त्यानं माझ्याकडं बघितलं, म्हणजे तिच्याकडं बघितलं, आणि मी कापलं होतं तिथं पडदा काळा झाला.

मी श्वास सोडला. झालं. सुटलो.

"म्हनला," मायाक्का म्हणाली.

"नाही मावशी. तिथंच संपतं ते."

"म्हनला की रं. येतो म्हनला. मला काय त्येचं तोंड कळत न्हाय?" ती खुर्चीत पुढं सरकली. मी "मावशी, थांबा" म्हणून तिच्या तोंडावर हात ठेवायला उठलो. पण त्याआधीच ती म्हणाली, "ये. ये रं माज्या राजा. कवाधरनं थांबलाईस."

लाइट गेली.

सगळ्या गल्लीची गेली. आजूबाजूचे माग एकदम थांबले आणि जी शांतता पसरली ती मी त्या भागात कधी ऐकली नव्हती. खोलीत काळाकुट्ट अंधार. फक्त दाराखालच्या फटीतून बाहेरच्या उन्हाची एक रेघ जमिनीवर पडली होती.

त्या शांततेत गाडी आली. फाटक्या सायलेन्सरची. सूर चढत चढत गल्लीच्या तोंडाशी, मग सुताच्या दोऱ्यांपाशी, मग खाली शटरपाशी. बंद झाली. स्टँड लावल्याचा खट्ट आवाज.

मग लोखंडी जिना वाजायला लागला. शर्यतीचे बूट घोट्यात वाकत नाहीत, त्यामुळं ते घालून पायऱ्या चढणारा माणूस पाय आपटत चढतो. मी असे शेकडो पाय ऐकलेत. हे पाय सावकाश आले. एक पायरी, थांबून दुसरी. माझं डोकं तेव्हाही चालू होतं बरं का. म्हणत होतं, सुंदरम्माचा कुणी नातेवाईक असेल, वायरमन असेल. वायरमन!

दाराखालच्या रेघेत दोन काळे डाग पडले. बुटांचे. एक बूट दुसऱ्यापेक्षा आत वळलेला होता, नको तेवढा.

कुणी दार वाजवलं नाही. कडी हलली नाही. मला आवाज आला तो हेल्मेटची काच वर केल्याचा. कटकन.

"किती धूळ ही," मायाक्काचा आवाज आला. खुर्चीतून नाही, दारापासून. "डोळ्यांत गेलीय का? हिकडं ये. तोंड पुसू दे."

लुगड्याच्या पदराची सळसळ झाली. मी भिंतीला पाठ लावून बसलो होतो. हात पुढं केला असता तर खुर्चीला लागला असता. केला नाही. मी त्या रेघेकडं बघत होतो. दोन डागांच्या शेजारी आता आणखी दोन होते, बारके, अनवाणी पायांचे. रेघेच्या त्या बाजूला.

"चन्नवीर," ती म्हणाली. पहिल्यांदाच नावानं. "जाते मी."

'येते' म्हणाली असती तर माझ्या तोंडून 'या' गेलंच असतं. पण ती 'जाते' म्हणाली, आणि त्याला काय म्हणायचं असतं हे मला कुणी शिकवलेलं नाही.

डाग हलले. जिना वाजला, उतरताना. किक बसली. मागं माणूस बसलं की टू-स्ट्रोकचा आवाज दबतो, जड होतो. तो दबलेला आवाज गल्लीतून निघाला आणि उतरत उतरत, उतरत उतरत, जसा जायला पाहिजे तसा बरोबर गेला.

माग पुन्हा सुरू झाले. लाइट आली होती.

मायाक्का खुर्चीतच होती. डोकं एका बाजूला, तोंडावर किंचित हसू. दोन्ही हात पुढं, कुणालातरी मागून कमरेला धरावं तसे वळलेले. पदराचं टोक मातीनं माखलं होतं.

पूनम दार बडवत होती. कडी मी काढली.

६

डॉक्टर म्हणाले, हृदय. वय झालं होतं, बघितलेलं सोसलं नाही. मी मान हलवली. सुंदरम्मा म्हणाली, आता तो पोरगा येत नाही, बरं झालं बाई. तिलाही मी मान हलवली.

फिल्म मी थांबवली. फिल्म मागणाऱ्यांचे फोन येतात, मी उचलत नाही. एकदा मात्र तो शॉट लावून ऐकला, तोंड दाबून. आवाज नीट जातो आता. मैदान रिकामं होतं आणि आवाज विरून जातो. त्यानंतरही मी पुढचं थोडं चालू ठेवलं, नुसता वारा होता. वाऱ्यात काही ऐकू येऊ नये म्हणून मी बंद केलं.

सगळे विधी झाल्यावर एका दुपारी पूनम आली. धुळाचे आणि सासूचे फोटो हवे होते. मी छापून ठेवले होते, ते दिले. चहा केला. ती बरी वाटली मला. मशीन घेतलंय म्हणाली, ब्लाउजची कामं यायला लागलीत. गाडी भंगारात दिली. "शेळ्या आता छपरात झोपत्यात दादा," म्हणाली आणि जरा हसली. तिचं पुढं सगळं आयुष्य पडलंय हे त्या हसण्यात मला दिसलं, आणि कित्येक दिवसांनी मला बरं वाटलं.

मग ती उठली. फोटो पिशवीत घातले, चपला घातल्या, दारात जाऊन वळली.

"येते दादा."

मी गप्प राहिलो. ठरवून. दात दातांवर दाबून.

ती थांबली. थांबणारच. माझ्याकडं बघत राहिली, आपलं काही चुकलं का असा चेहरा करून. शेजारचे माग चालू होते. तरी मला ऐकू आलं. माझ्या पाठीमागं, जिथं ती खुर्ची आहे तिथून, हळू, मायेनं भरलेला आवाज.

"ये गं बाय."

पूनमनं मान तिरकी केली. "कोन बोललं?" ती म्हणाली. तिचे डोळे माझ्या खांद्यावरून आत गेले आणि तिचे ओठ उघडले. ती काहीतरी म्हणणार होती. 'येते' म्हणणार होती.

"जा!" मी ओरडलो.

ती दचकली.

"जा, पूनम! जा इथनं! सरळ घरी जा, मागं बघू नको, जा म्हणतोय ना!" मी तिला दारातून अक्षरशः ढकललं. तिच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. सासूनं नवऱ्याला काय म्हटलं होतं हे तिला माहीत होतं, आणि आता तेच मी तिला म्हणत होतो. ती 'येते' न म्हणताच वळली. जिना धडाधडा उतरून गेली. मी कठड्याशी उभं राहून आणखी दोनदा "जा" म्हणालो, सगळी गल्ली बघत होती. सुंदरम्मा खालून म्हणाली, "अण्णा, येडं लागलं काय तुम्हाला? पोरीला काय बोलायलात!"

पूनम रिक्षात बसली. मी डोळे मिटून ऐकलं. रिक्षाचा आवाज उतरत गेला, उतरत गेला, चौकात वळला, गेला. मी पुष्कळ वेळ तसाच उभा होतो. खोलीत परत गेलो नाही, किल्ली सुंदरम्माकडं दिली.

त्यानंतर तिचा फोन नाही. मी करतो तर उचलत नाही. माझ्यावर रागावली असेल. आयुष्यभर रागावून राहू दे बिचारी, फोनच नको करू दे, मला चालेल. फक्त रागावलेलीच असू दे.